टेलिफोनच्या यंत्रास मराठी कोण शिकविणार?

गेल्या पावसाळ्यातील गोष्ट. आमच्या शेजारच्या वृद्ध आजी एका संध्याकाळी मोबाईल हातात घेऊन आमच्या दारात उभ्या राहिल्या. त्या मूळच्या खानापूर तालुक्यातील एका खेड्यातल्या. यजमान परगावच्या एका मोठ्या रुग्णालयात होते, मुलगा त्यांच्यापाशी होता, आणि त्या मुलाचा फोन लागत नव्हता. म्हणून आजींनी कागदावर लिहून ठेवलेला रुग्णालयाचा क्रमांक लावला होता. "मास्तर," त्या काकुळतीने म्हणाल्या, "ही बाई माझं काय ऐकूनच घेईना की ओ, आपलंच बोलालीय!"

आम्ही फोन कानाला लावला. एक मधुर स्वर इंग्रजीत सांगत होता की, अमक्यासाठी एक दाबा, तमक्यासाठी दोन दाबा. आजींनी काहीच दाबले नव्हते, म्हणून तोच स्वर तितक्याच मधुरपणे त्यांची चूक दाखवून देई आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करी. अशी तीन आवर्तने झाली आणि फोन बंद पडला. आम्ही तो पुन्हा लावला, हवे ते आकडे दाबले आणि यजमानांची प्रकृती बरी आहे असे कळल्यावर आजींचा जीव भांड्यात पडला. परंतु त्या दिवशी आम्ही घरी नसतो, तर?

ही न ऐकणारी बाई कोण, ती राहते कोठे आणि तिला बोलावयास शिकविले कोणी, हा प्रश्न आम्हांस त्यापूर्वी कधी पडला नव्हता. त्याचा शोध घेता घेता जे हाती लागले ते आमच्या विद्यार्थ्यांपुढे व त्यांच्या घरच्या मंडळींपुढे ठेवावे, एवढ्यासाठी हा लेख.

पूर्वी ही बाई खरोखरीची बाई होती. १८८२ साली कलकत्ता, मुंबई व मद्रास येथे टेलिफोनची केंद्रे निघाली, तेव्हा ग्राहकाने नुसते नाव किंवा क्रमांक सांगावयाचा आणि केंद्रात बसलेल्या माणसाने हाताने तारा जोडून द्यावयाच्या, अशी रीत होती. त्या ऑपरेटरच्या नावाने लोकांनी बोटे पुष्कळ मोडली. अमेरिकेत कॅन्सस सिटी येथे अल्मन स्ट्रोजर नावाचा अंत्यविधीचे सामान पुरविणारा एक व्यावसायिक होता. आपली गिऱ्हाइके ऑपरेटर प्रतिस्पर्ध्याकडे वळविते, असा त्यास संशय आला, आणि त्या रागातून त्याने माणसावाचून तारा जोडणारे यंत्र शोधून काढले, असे सांगतात. गोष्टीत तिखटमीठ किती असेल ते असो. त्याच्या यंत्राचे पेटंट १८९१ चे आहे आणि पुढच्याच वर्षी इंडियाना प्रांतात ला पोर्त या गावी तसे केंद्र सुरूही झाले. मनुष्याच्या लबाडीवर उपाय म्हणून यंत्र आले. यंत्राच्या बहिरेपणावर उपाय शोधण्याची पाळी आता आपल्यावर आली आहे.

आपल्या भागातील मुलांना या इतिहासातील एक पान अगदी जवळचे आहे, आणि ते बहुतेकांस ठाऊक नसते. १९८४ साली भारत सरकारने सी-डॉट ही संस्था स्थापन केली. वातानुकूलनावाचून, खेड्यातल्या उष्म्यात व धुळीत तग धरील असे संगणकावर चालणारे छोटे टेलिफोन केंद्र तिने तयार केले. हे १२८ जोडण्यांचे पहिले ग्रामीण केंद्र १९८६ च्या जुलैत कोठे बसविले गेले? कित्तूरला! राणी चन्नम्माचे कित्तूर, आपल्याच बेळगाव जिल्ह्यातले. सहलीला जाऊन किल्ला पाहून येणाऱ्या मुलांनी हेही ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

गावाचे जसे केंद्र तसे मोठ्या कचेरीचे आपले स्वतःचे छोटे केंद्र असते, त्यास पी.बी.एक्स. म्हणतात. साहेबांच्या खोलीतून हिशेबनिसाला फोन लावावयाचा तर तो गावाच्या केंद्रातून फिरून येत नाही, कचेरीतल्या या पेटीतूनच जोडला जातो. ही पेटी कित्येक वर्षे कुलूपबंद होती, आणि आम्ही हे केवळ अलंकाराने म्हणत नाही. तिच्या पोटातील आज्ञावली कंपनीची, तिला चालणारे फोन बहुधा त्याच कंपनीचे, आणि एक एक्स्टेन्शन वाढवावयाचे झाले तरी माणूस त्याच कंपनीचा यावयाचा. विकत घेणारा नावाचाच मालक.

ही पेटी कशाने उघडली ते सांगावयाचे तर आवाजाकडे वळले पाहिजे. मनुष्याच्या बोलण्याची लहर सेकंदाला ८,००० वेळा मोजावयाची आणि प्रत्येक मापाची नोंद एका बाइटाने करावयाची, ही टेलिफोनमधील रूढ रीत आहे. म्हणजे एका सेकंदाचे बोलणे ८,००० बाइटांत मावते. आवाज एकदा असा आकड्यांचा झाला की त्यास स्वतंत्र तारेची गरज उरत नाही. त्या आकड्यांची लहान लहान पुडकी बांधावी आणि ज्या जाळ्यातून पत्रे व चित्रे जातात त्याच जाळ्यातून ती पाठवावी. एका पुडक्यात सामान्यतः २० मिलिसेकंदांचे बोलणे, म्हणजे १६० बाइट भरतात. सेकंदाला अशी ५० पुडकी जातात व तितकीच येतात. यालाच आय.पी. टेलिफोनी म्हणतात. त्यात टेलिफोन केंद्र म्हणून एक संगणक काम करतो. कोणाचा फोन कोठे आहे याची वही राखावयाची आणि कोणाचा निरोप कोणास पोचवावयाचा हे ठरवावयाचे, हे त्याचे काम. तो संगणक म्हणजे सर्व्हर.

हे निरोप कोणत्या शब्दांत पाठवावेत याचे नियम १९९९ साली प्रसिद्ध झाले व २००२ साली ते सुधारून निघाले. त्यांचे नाव सिप. यातील गंमत अशी की हे निरोप सांकेतिक खुणांत नसून साध्या इंग्रजी मजकुरात असतात व पत्रासारखे दिसतात: वर 'प्रति', खाली 'प्रेषक', मग मजकूर. पहिल्या पत्राचे नावच मुळी 'निमंत्रण' आहे. त्यावर पलीकडून 'घंटा वाजत आहे' असे उत्तर येते. माणसाने फोन उचलला की 'ठीक' असे दुसरे. मग इकडून पोच जाते आणि बोलणे सुरू होते. शेवटी ज्याने फोन ठेवला त्याच्याकडून निरोपाचे पत्र जाते. आठवीच्या मुलास पत्रलेखन शिकविणाऱ्या शिक्षकास हा शिष्टाचार पाहून बरे वाटल्यावाचून राहणार नाही.

नियम सर्वांस खुले झाले, तरी केंद्र चालविणारी आज्ञावली कोणीतरी लिहावयास हवी होती. सिस्को या बलाढ्य कंपनीने १९९८ साली सेल्सियस नावाची लहान कंपनी विकत घेतली आणि तिची कॉलमॅनेजर ही आज्ञावली वाढविली. प्रथम ती विंडोजवर चालत असे. २००६ मध्ये पाचव्या आवृत्तीपासून लिनक्सवर आली. मोठ्या बँका, विमानतळ, सरकारी कचेऱ्या अशा ठिकाणी तिचा प्रसार झाला. तिची थोरवी आम्ही नाकारीत नाही. परंतु आमच्या लेखाचा नायक दुसरा आहे.

अलाबामातील हंट्सव्हिल येथे मार्क स्पेन्सर नावाचा एक तरुण लिनक्स वापरणाऱ्यांना मदत करण्याचा धंदा चालवीत होता. येणारे फोन योग्य माणसाकडे पोचविण्यास त्यास एक पी.बी.एक्स. हवी होती, आणि तिची किंमत त्याच्या आवाक्याबाहेरची होती. तेव्हा १९९९ साली त्याने आपल्या संगणकावर स्वतःच ती लिहावयास घेतली, आणि कुलूप न लावता सर्वांस वाचण्यास, बदलण्यास व वाटण्यास मोकळी करून दिली. फोनच्या बटणांवर जी तारकेची खूण असते तिचेच नाव त्याने आज्ञावलीस दिले: ॲस्टरिस्क. जिम डिक्सन नावाच्या दुसऱ्या एका गृहस्थांनी टेलिफोनची तार साध्या संगणकास जोडता येईल असे स्वस्त कार्ड तयार केले होते. ही जोडी जमली आणि हजारो लोकांच्या मदतीने २००४ मध्ये पहिली पूर्ण आवृत्ती बाहेर पडली. स्पेन्सरची कंपनी २०१८ मध्ये संगोमा या कॅनडातील कंपनीने घेतली. आज्ञावली मात्र आजही खुलीच आहे.

एवढे कौतुक कशासाठी, असे कोणी विचारील. कुलूप निघाल्यामुळे टेलिफोन केंद्र हा एक वाचता येण्याजोगा लेख झाला, यासाठी! ॲस्टरिस्कमध्ये एक साधी मजकुराची फाईल असते. तिच्यात ओळीमागून ओळ लिहावयाची: १०१ हा आकडा आला तर हेडमास्तरांच्या खोलीतला फोन २० सेकंद वाजव, उचलला नाही तर ऑफिसातला वाजव, तेथेही कोणी नसेल तर निरोप नोंदवून घे. रविवार असेल तर अमुक वाक्य ऐकव. आजींशी बोलणारी बाई म्हणजे अशाच कोठल्यातरी सर्व्हरवरील काही ओळी आणि काही ध्वनिमुद्रिते. ती बहिरी होती याचे कारण यंत्र नव्हे. त्या ओळी लिहिणाऱ्यास आजी दिसल्या नव्हत्या.

हे सारे आम्हांस कळले ते आमच्या एका माजी विद्यार्थ्यामुळे. हा मुलगा आता कचेऱ्यांतून असे सर्व्हर बसविण्याचे काम करतो. दिवाळीच्या सुट्टीत तो घरी आला. "सर, एका पतसंस्थेचे काम घेतले आहे. मुख्य कचेरी आणि सहा शाखा. खातेदार सगळे आपल्याकडचे. त्यांना मराठीत आणि कन्नडमध्ये ऐकवायचे आहे. मराठी वाक्ये तुम्ही लिहून द्याल का?" आम्ही आनंदाने कबूल झालो. चार वाक्ये लिहून देण्यास कितीसा वेळ लागणार, अशी आमची समजूत. कामास तीन आठवडे लागले.

अडचण निघाली ती आकड्यांची. इंग्रजीत शून्यापासून नव्व्याण्णवपर्यंतचे आकडे बोलण्यास २८ ध्वनी पुरतात: शून्य ते एकोणीस हे वीस, आणि वीस, तीस, चाळीस असे दहाईचे आठ. बाकीचे यंत्र जोडून घेते. कन्नडमध्येही इप्पत्तु आणि ओंदु मिळून इप्पत्तोंदु होते. संधी जरा सांभाळावा लागतो, पण वाट सरळ आहे. मराठीत? वीस आणि तीन यांतून 'तेवीस' यंत्राने कसा काढावा? त्रेचाळीस, त्रेपन्न, त्रेसष्ट, त्र्याहत्तर, त्र्याऐंशी, त्र्याण्णव यांत 'तीन' प्रत्येक वेळी निराळा वेष घेऊन येतो. एकोणतीस तर तिसाच्या आधीच तिसाचे नाव घेऊन उभा. म्हणजे मराठीस २८ नव्हेत, पुरते १०० ध्वनी हवेत. पाश्चात्त्य आज्ञावलीत यासाठी सोय नसेल असे आम्हांस वाटले होते, पण तसे नाही. जर्मन लोक तेविसाला 'तीन आणि वीस' म्हणतात, त्यांची रीत ॲस्टरिस्कमध्ये निराळी लिहिलेली आहे. उर्दूची आकड्यांची घडण आपल्यासारखीच, तिच्यासाठीही लिहिलेली आहे. ज्यांना गरज वाटली त्यांनी लिहिली, इतकेच. मराठीची आमच्या विद्यार्थ्याने लिहिली.

पुढे वेळेचा प्रश्न आला. 'कचेरी पाच वाजून तीस मिनिटांनी बंद होते' असे मराठी माणूस कधी म्हणतो काय? तो 'साडेपाच' म्हणतो. बरे, साडेचार, साडेपाच असे यंत्रास शिकवावे तर ते दीडला 'साडेएक' म्हणावयाचे आणि अडीचला 'साडेदोन'. सव्वा आणि पावणे यांची कथा वेगळीच. पैशाच्या बाबतीत इंग्रजी घडणीने चालले तर सव्वा लाखाचे 'एकशे पंचवीस हजार' होतात. 'रांगेत आपण तेविसावे आहात' हे वाक्य आम्ही प्रथम मोठ्या ऐटीत लिहिले, आणि विद्यार्थ्याने शांतपणे विचारले, "सर, फोन करणारी बाई असेल तर?" आमचे व्याकरणाचे गुरुत्व तेथेच उतरले. 'आपल्या आधी बावीस जण आहेत' असे बदलून आम्ही सुटका करून घेतली.

येथे एका जुन्या वादाचा उल्लेख केला पाहिजे. २०१९ साली महाराष्ट्रात बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात एकवीस, बावीस यांच्या जोडीस 'वीस एक, वीस दोन' अशी वाचनपद्धती दिली गेली आणि चर्चा विधिमंडळापर्यंत पोचली. आमच्या विद्यार्थ्यासही तोच मोह झाला. तसे केले असते तर ७० हून अधिक ध्वनिमुद्रिते वाचली असती. लहान मुलास दहाई-एकक समजण्यास त्या रीतीचा उपयोग होतो की नाही, हे गणिताच्या शिक्षकांनी ठरवावे. टेलिफोनवर मात्र ती नको, असे आमचे स्पष्ट मत आहे. खात्यावरील रक्कम ऐकणारा साठ वर्षांचा शेतकरी 'वीस तीन' ऐकून ते दोन निरनिराळे आकडे समजेल. कोणी म्हणेल, आता लिहिलेली मराठी संगणकच वाचून दाखवितो, मग ध्वनिमुद्रणाचा खटाटोप कशास? वाचून दाखवितो हे खरे. पण काय वाचावयाचे ते कोणीतरी चांगल्या मराठीत लिहून दिल्यावर.

यंत्र बसविल्याने काम संपत नाही, हेही या निमित्ताने पाहावयास मिळाले. जुन्या टेलिफोनला वीज केंद्राकडून तारेतूनच येत असे. गावात अंधार झाला तरी फोन चाले. आय.पी. फोनला कचेरीतली वीज लागते. आपल्याकडच्या पावसाळ्यात ती गेली की सर्व्हर, जाळे, फोन सारे एकदम मुके. म्हणून प्रत्येक शाखेत बॅटरीचा खर्च आला. एकाच जाळ्यातून कोणी मोठी फाईल पाठवू लागला तर बोलणे तुटक येते. आवाजाच्या पुडक्यांना पहिला मान द्यावा, अशी आज्ञा जाळ्यास द्यावी लागते. आणि चोर! १०१ या फोनचा पासवर्डही १०१ ठेवणारे महाभाग असतात. जगाच्या कोठल्यातरी कोपऱ्यातून अशी दारे रात्रंदिवस चाचपणारे लोक ते शोधून काढतात आणि मालक झोपलेला असताना त्याच्या खर्चाने परदेशी महागडे फोन लावतात. २०२३ च्या मार्चमध्ये तर थ्रीसीएक्स या प्रसिद्ध टेलिफोन आज्ञावलीच्या संगणकावरील फोनमध्येच चोरांनी आपले विष कालविले, आणि ते कंपनीच्या अधिकृत सुधारणेबरोबर ग्राहकांकडे पोचले. तेव्हा फुकट मिळालेली आज्ञावली फुकट सांभाळली जात नाही; तिच्याकडे रोज पाहणारा माणूस हवा. संचालकांनी हा पगार खर्चात धरला नाही, तर जुनी कुलूपबंद पेटी पुष्कळ बरी.

आमच्या शाळेने असा सर्व्हर घ्यावा काय, असे एका पालकांनी विचारले. मुळीच नको. आमच्याकडे फोन दोन. आणि कोण कोठे आहे हे आमच्या शिपाईमामांस जितके ठाऊक असते तितके कोणत्याही सर्व्हरला ठाऊक होणे नाही. परंतु जेथे तो येणारच, म्हणजे रुग्णालये, बँका, वीज कचेऱ्या, तेथे त्याची पहिली वाक्ये कोणत्या भाषेत असावीत हे केवळ बसविणाऱ्यावर सोडू नये. ॲस्टरिस्कचा एक स्वभाव असा की, मागितलेल्या भाषेतला ध्वनी सापडला नाही तर ते मुकाट्याने इंग्रजी ध्वनी वाजविते. अर्धवट काम केले तर वाक्य मराठी आणि आकडा इंग्रजी, असे कडबोळे ऐकू येते. कित्येक ठिकाणी जी इंग्रजी बाई बोलते ती कोणी मुद्दाम नेमलेली नसतेही. दुसरे कोणी आले नाही म्हणून ती बसलेली असते. सभासदांनी वार्षिक सभेत, रुग्णांच्या नातलगांनी तक्रारवहीत, हे मागितले पाहिजे. त्याहून अगत्याचे म्हणजे शून्य दाबले की माणूस मिळावा, आणि काहीच दाबले नाही तरी थोड्या वेळाने तोच मिळावा. ही एका ओळीची गोष्ट आहे. ती ओळ पतसंस्थेच्या फाईलमध्ये आम्ही आग्रहाने घालून घेतली. पलीकडे खुर्चीत खरोखर माणूस बसेल, याची हमी कोणतीही आज्ञावली देत नाही; त्यासाठी आम्ही व्यवस्थापकांस दोनदा भेटलो. पुन्हाही भेटू.

शंभर आकडे दहावीच्या दोन मुलींनी आळीपाळीने वाचले. वाचनालयाची दारे लावून, पंखा बंद करून, दोन शनिवारांत काम झाले. एकोणऐंशीवर वाद झाला व कोश काढावा लागला. सत्त्याण्णवच्या वेळी बाहेर रिक्षाचा भोंगा वाजल्याने तो पुन्हा घ्यावा लागला.

आमची घरची भाषा कोकणी. शाळेत मराठी, बाजारात कन्नड, घरी कोकणी, अशी आमची दिनचर्या, आणि आपल्या कित्येक विद्यार्थ्यांचीही तीच. पतसंस्थेने कोकणी मागितली नव्हती. आमच्या विद्यार्थ्याने मात्र सर्व्हरवर तिच्यासाठी एक रिकामा कप्पा करून ठेवला आहे. आकडे नोंदवावयास बसलो तेव्हा आमच्याच घरात आईचे उच्चार एक आणि आमचे एक, असे निघाले. कारवारकडची, गोव्याची, मंगळूरकडची मंडळी निराळेच म्हणत असणार. ज्या विद्यार्थ्यांच्या घरी कोकणी बोलतात त्यांनी आजी-आजोबांकडून एक ते शंभर आकडे म्हणवून घ्यावेत, जसे उच्चारले तसेच वहीत लिहावेत, वर घराण्याचे मूळ गाव घालावे आणि वही नाताळच्या सुट्टीपूर्वी आमच्याकडे आणून द्यावी.